अल्बर्टातले रॅटलस्नेक आणि त्यांची हिवाळी बिळे

प्रश्न: मी सांगलीकडचा. गावी असताना सर्पमित्र म्हणून काम करायचो, आता नोकरीमुळे कॅनडात, अल्बर्टा प्रांतातल्या कॅल्गरीत आहे. या उन्हाळ्यात घरच्यांना घेऊन डायनासोर प्रोव्हिन्शियल पार्कला जायचं आहे आणि तिथे रॅटलस्नेक असतात असं कळलं. उणे तीस अंशांत हे साप जगतात कसे? त्यांची परिस्थिती खरंच वाईट आहे का? आणि गावाकडे करायचो तसं, वस्तीत आलेला साप पकडून लांब नेऊन सोडायचं काम इथे करता येईल का?

उत्तर: तुमचे तिन्ही प्रश्न एकाच ठिकाणी जाऊन पोचतात, सापाच्या हिवाळी बिळापाशी. म्हणून ते आधी सांगतो आणि जरा सविस्तर सांगतो. अल्बर्टातल्या मेडिसिन हॅट शहराच्या आसपास मी बरीच वर्षं सापांच्या पाहणीचं काम करतो आहे. रस्ता कुठून न्यावा, पाइपलाइन कधी खणावी, वस्तीत आलेल्या सापाचं काय करावं, यातला कुठलाही निर्णय बीळ कुठे आहे हे माहीत असल्याशिवाय घेता येत नाही.

इथला साप म्हणजे प्रेअरी रॅटलस्नेक, शेपटीच्या टोकाचा खुळखुळा वाजवणारा विषारी साप, शास्त्रीय नाव क्रोटॅलस व्हिरिडिस. त्याचा प्रदेश उत्तर मेक्सिकोपासून सुरू होतो. न्यू मेक्सिको, कोलोरॅडो, वायोमिंग, मोंटाना असा मधला गवताळ पट्टा धरून तो वर येतो आणि दक्षिण अल्बर्टा व सस्कॅचवानच्या नैर्ऋत्य भागात संपतो. म्हणजे आपण ज्या सापांबद्दल बोलतो आहोत ते आपल्या प्रदेशाच्या अगदी उत्तर काठावर राहतात. नकाशात रंगवलेला पट्टा मोठा दिसतो, पण प्रत्यक्षात साप नद्या धरून आहेत: साऊथ सस्कॅचवान, रेड डीअर, ओल्डमन आणि मिल्क या नद्यांची खोरी, आणि सस्कॅचवानात फ्रेंचमन नदीचं खोरं, जिथे ग्रासलँड्स राष्ट्रीय उद्यान आहे. नदीपासून फार लांब, गव्हाच्या सपाट शेतांत तुम्हाला तो सहसा भेटणार नाही.

याचं कारण थंडीत आहे. इथली जमीन कडाक्याच्या हिवाळ्यात दीड मीटर आणि त्याहूनही खोल गोठते. सापाला अंगात ऊब तयार करता येत नाही आणि या जातीला खोल बीळ खणताही येत नाही. गोठलेल्या थराच्या खाली उतरायला त्याला तयार वाट लागते. उंदीर-खारींची बिळं उन्हाळ्यात आसऱ्याला चालतात, हिवाळ्यासाठी ती बहुतेक वेळा उथळ पडतात. खोऱ्यांत मात्र काठ खचत असतात. मातीचा मोठा तुकडा खाली सरकला की त्याच्या आणि मूळ काठाच्या मधे खोल भेग उरते. बॅडलँड्स म्हणतात त्या उजाड, झिजलेल्या भागातल्या चिकणमातीच्या टेकड्यांत पाणी आतून पोखरत जातं आणि बोगदे तयार होतात. कुठे वाळूच्या खडकात कपार असते. अशी जागा पुरेशी खोल हवी, आत थोडी ओल हवी, नाहीतर साप सुकून मरतो, आणि तोंड शक्यतो दक्षिणेला हवं, म्हणजे वसंतात आणि शरदात दाराशीच ऊन मिळतं. हे सगळं जुळून आलेल्या जागा कित्येक मैलांच्या खोऱ्यात मोजक्याच असतात. म्हणून साप तिथे एकत्र जमतात. एखाद्या बिळात दहा-वीस असतात, एखाद्यात शंभरावर. त्यांच्यासोबत बुलस्नेक आणि गार्टर सापही त्याच भेगेत हिवाळा काढतात. कोलोरॅडोच्या उत्तर भागातल्या अशाच एका बिळावर संशोधकांनी कॅमेरा लावला आहे आणि २०२४ पासून ते दृश्य जगभरातल्या लोकांना थेट बघता येतं. तिथे दोन हजारांपर्यंत साप असावेत असा त्यांचा अंदाज आहे. अल्बर्टात मी इतकं मोठं बीळ पाहिलेलं नाही.

सप्टेंबर-ऑक्टोबरमध्ये साप आत उतरतात आणि एप्रिलच्या शेवटी किंवा मेमध्ये बाहेर येतात. म्हणजे वर्षाचा निम्म्याहून अधिक काळ जमिनीखाली जातो. आतलं तापमान शून्याच्या वर थोडे अंश असतं. हृदय अगदी मंद चालतं, खाणं पूर्ण बंद असतं, साठवलेल्या चरबीतली फार थोडी खर्च होते. तुमच्या पहिल्या प्रश्नाचं उत्तर हेच आहे: उणे तीस अंश तो सोसत नाही, त्याच्या खाली उतरून बसतो. ती वाट बंद झाली तर त्याच्याकडे दुसरा उपाय नाही.

आणि हा साप बीळ सहजी बदलत नाही. चिप बसवून सोडलेले साप शरदात त्याच भेगेपाशी परत येताना आम्ही वर्षानुवर्षं पाहतो. पिल्लांना ही जागा कशी सापडते, हा प्रश्न संशोधकांना बराच काळ पडलेला होता. प्रयोगांमध्ये असं दिसलं की रॅटलस्नेकची नवजात पिल्लं मोठ्या सापांनी मागे ठेवलेल्या वासाचा माग काढत जातात. म्हणजे बिळाची माहिती आधीच्या पिढीच्या वाटेवरून पुढच्या पिढीकडे जाते. एखादं बीळ खडी टाकून बुजवलं, किंवा त्यातले बहुतेक मोठे साप मारले, तर त्या खोऱ्यात नव्याने साप यायला कित्येक दशकं लागू शकतात. काही ठिकाणी ते परत येतच नाहीत.

पूर्वी साप मारणाऱ्यांना ही गोष्ट चांगली ठाऊक होती. उन्हाळ्यात मोकळ्या माळावर रॅटलस्नेक शोधणं अवघड असतं, पण वसंतात बिळाच्या तोंडाशी सगळा गट एकत्र ऊन खात पडलेला असतो. साउथ डकोटा राज्याने १९३० आणि १९४० च्या दशकांत रॅटलस्नेकच्या बंदोबस्तासाठी खास माणूस नेमला होता आणि त्याचं मुख्य काम बिळं शोधून तिथे सापळे लावण्याचं होतं. अल्बर्टातही जुन्या वसाहतीच्या काळात बिळं डायनामाइटने उडवल्याच्या, पेट्रोल ओतून पेटवल्याच्या हकिकती रँचवरची वयस्कर मंडळी सांगतात. ऐकताना वाईट वाटतं. पण ज्यांनी ते केलं त्यांच्या घरात लहान मुलं होती आणि जवळ दवाखाना नव्हता, हेही मला विसरता येत नाही.

आता उन्हाळ्याचं सांगतो. मेमध्ये बिळातून बाहेर पडल्यावर नर आणि गाभण नसलेल्या माद्या खाण्याच्या शोधात निघतात. वायोमिंगमध्ये १९८० च्या दशकात डेव्हिड ड्युव्हाल आणि मायकेल किंग यांनी या जातीच्या सापांना रेडिओ बसवून त्यांच्या मागावर काम केलं. साप आश्चर्य वाटावं इतक्या सरळ रेषेत चालत होते. एकदा दिशा धरली की दिवसचे दिवस तीच. डीअर माउस म्हणतात त्या उंदरांची दाटी लागली की तिथे थांबायचं. उंदीर माळावर सारखे पसरलेले नसतात, कुठे पुष्कळ, कुठे काहीच नाही. अशा वेळी त्याच त्या जागेत घुटमळण्यापेक्षा सरळ जात राहिलं तर नवी जागा लागण्याची शक्यता जास्त. अल्बर्टात काही साप खोऱ्यातच उन्हाळा काढतात, तर काही वर पठारावरच्या गवतात शिरून बिळापासून दहा किलोमीटरपेक्षाही लांब जातात. हात नाहीत, पाय नाहीत, अंगाची लांबी मीटरभर, आणि जाऊन-येऊन वीस-पंचवीस किलोमीटरचा प्रवास करून शरदात तो नेमका त्याच भेगेपाशी. इतक्या वर्षांनंतरही रेडिओच्या अँटेनावर ऑक्टोबरमध्ये त्या सापाचा सूर ओळखीच्या काठावरून ऐकू आला की मला फार आनंद होतो.

पण या कामात माझं सगळ्यात जास्त लक्ष माद्यांकडे असतं. तुम्ही घोणस हाताळली असणार. घोणसही पिल्लांना जन्म देते, आणि एका वेताला वीस, तीस, कधी त्याहून कितीतरी अधिक पिल्लं देते. प्रेअरी रॅटलस्नेकही पिल्लंच देतो, पण इथल्या मादीला पहिलं वेत यायलाच पाच-सात वर्षं लागतात, कारण वर्षातले खाण्याचे महिनेच मोजके. त्यानंतर ती दर वर्षी विते असंही नाही. दोन वर्षांनी, बऱ्याचदा तीन वर्षांनी. एका वेतात साधारण चार ते बारा पिल्लं. समागम उन्हाळ्याच्या उत्तरार्धात होतो, नराचं बीज मादी हिवाळाभर अंगात सांभाळते आणि गर्भ पुढच्या उन्हाळ्यात वाढतो. त्या उन्हाळ्यात गाभण मादी लांब जात नाही. बिळाजवळच एखाद्या उन्हाच्या उतारावर, सपाट दगडाच्या आडोशाला चार-पाच माद्या एकत्र राहतात. गर्भ वाढायला ऊब हवी, म्हणून दिवसभर ऊन आणि सावली यांच्यामध्ये सरकत राहायचं. खाणं जवळजवळ नाही. ऑगस्टअखेर किंवा सप्टेंबरमध्ये विऊन झाली की अंगावर नुसती कातडी लोंबत असते, आणि हिवाळा दोन-चार आठवड्यांवर आलेला असतो. काही माद्या त्या हिवाळ्यातून बाहेर येतच नाहीत.

विल्यानंतर आई पिल्लांना सोडून लगेच निघून जाते, असा समज पुष्कळ वर्षं होता. तो खरा नाही. पिल्लं पहिली कात टाकेपर्यंत, म्हणजे आठवडाभर ते दहा दिवस, ती त्यांच्याजवळ असते. त्या काळात जवळ गेलात तर आधी पिल्लं कपारीत सरकतात आणि आई तोंडाशी राहते. पिल्लांचा पहिला हिवाळा बऱ्याचदा एकही उंदीर न खाता, आईकडून मिळालेल्या पोटातल्या पिवळ्या बलकावर जातो. त्यातली मोठी होणारी फार थोडी.

हा हिशेब एकदा नीट मांडला की संवर्धनाचं सगळं गणित कळतं. समजा मादी सातव्या वर्षी पहिल्यांदा व्याली, नंतर दर तीन वर्षांनी. तिच्या जागी दुसरी मादी उभी राहायला तिची निदान काही वेतं तरी व्हायला हवीत. म्हणजे तिने पंधरा-वीस वर्षं जगायला हवं, आणि कोणी मारलं नाही तर ती तेवढी जगते. पण दुसऱ्या वेताच्या आधी ती गाडीखाली आली तर त्या बिळाला पडलेली खोट भरून निघत नाही. वाढलेले मृत्यू जास्त पिल्लं देऊन भरून काढणं या जातीला इथे शक्य नाही. म्हणून कुठल्या बिळात किती साप दिसले यापेक्षा त्यात मोठ्या माद्या किती, आणि गेल्या वर्षीच्या यंदा किती परतल्या, हे आम्ही आधी बघतो.

आता तुमचा दुसरा प्रश्न. कॅनडातल्या धोक्यातल्या वन्यजीवांचा आढावा घेणाऱ्या राष्ट्रीय समितीने, कोसेविकने, २०१५ मध्ये प्रेअरी रॅटलस्नेकला ‘विशेष चिंतेची जात’ ठरवलं. म्हणजे आज नामशेष व्हायच्या दारात नाही, पण असंच चालू राहिलं तर त्या दिशेला जाईल. दक्षिणेकडच्या राज्यांत हा साप अजून भरपूर आहे. काठावर मात्र चित्र वेगळं आहे. पूर्वेला आयोवा राज्यात लोएस टेकड्यांच्या एका लहान भागात तो उरला आहे आणि तिथे त्याला संकटग्रस्त जातीचा दर्जा आहे. कॅनडातच टिंबर रॅटलस्नेक ऑन्टारियोत होता, त्याची शेवटची खात्रीची नोंद १९४१ ची. त्यामुळे इथून रॅटलस्नेक जाऊ शकत नाही, असं मला कोणी सांगू नये. एक जात गेलेली आहे.

आज अल्बर्टात सगळ्यात जास्त साप मरतात ते रस्त्यांवर. बीळ खोऱ्यात, उंदीर पठारावर, आणि मधे रस्ता. साप वर्षातून किमान दोनदा तो ओलांडतो. संध्याकाळी डांबर गरम असतं, त्यावर तो पसरून पडतो. रॅटलस्नेकची धावून निघून जायची सवय नाही, धोका जाणवला की तो जागच्या जागी स्थिर होतो. गवतात ही सवय त्याला वाचवते, रस्त्यावर मारते. शिवाय काही चालक मुद्दाम गाडी वळवून चाक घालतात. ऑन्टारियोत लाँग पॉइंट इथल्या रस्त्यावर संशोधकांनी सापाच्या आणि कासवाच्या नकली प्रतिकृती ठेवून हे मोजलं. २००७ साली प्रसिद्ध झालेल्या त्या अभ्यासात शंभरातल्या जवळपास तीन चालकांनी त्या मुद्दाम चिरडल्या. आकडा लहान वाटेल, पण रस्त्यावर तासाला पन्नास गाड्या असतील तर रस्त्यावर पडलेल्या सापाला तासाभरात असा एखादा चालक भेटतोच.

इथे तेल आणि वायूच्या विहिरींकडे जाणाऱ्या कच्च्या रस्त्यांचं जाळं आहे. त्यांच्यावर वेग जास्त आणि लक्ष कमी. सप्टेंबरच्या एका उबदार संध्याकाळनंतर सकाळी असा रस्ता पायी चालत जाऊन मेलेले साप मोजणं, त्यातली मादी कोणती आणि ती व्यायलेली होती का हे बघणं, हे माझ्या कामातलं सगळ्यात नावडतं काम आहे. पण त्या नोंदींवरच एखादा रस्ता बिळापासून दूर सरकवून घेता येतो किंवा वसंतात आणि शरदात त्यावरची वाहतूक कमी करून घेता येते. पाइपलाइनचे उघडे चर हा दुसरा त्रास. रात्री साप चरात पडतो आणि सरळ कडेवरून वर चढू शकत नाही, म्हणून रोज सकाळी यंत्र सुरू व्हायच्या आधी चराची पूर्ण लांबी बघावी लागते आणि जागोजागी तिरकी माती टाकून वाट ठेवावी लागते. माती धरून ठेवायला अंथरतात त्या प्लास्टिकच्या जाळ्यांतही साप अडकतात आणि सुटायच्या धडपडीत कापले जातात. नारळाच्या काथ्याची किंवा तागाची जाळी वापरली की ते टळतं. हे कंत्राटदाराला समजावून सांगितलं की तो सहसा ऐकतो, खर्चात फार फरक नसतो.

शेतीबद्दल थोडक्यात. मूळ गवताळ माळाचा फार मोठा भाग नांगराखाली गेला आहे आणि पाण्याची सोय होईल तसा उरलेलाही जातो आहे. नांगरलेल्या शेतात सापाला आडोसाही मिळत नाही आणि यंत्रांखाली मृत्यूही येतो. जो माळ उरला आहे तो मुख्यतः गुरं चारणाऱ्या रँचवाल्यांमुळे. गुरांसाठी गवत लागतं, म्हणून त्यांनी ते मोडलं नाही. अल्बर्टात धोक्यातल्या जाती जपण्याचा मल्टीसार नावाचा कार्यक्रम याच लोकांना हाताशी धरून चालतो, आणि माझ्या अनुभवात आपल्या जमिनीवरचं बीळ मुकाट्याने जपणारी रँचवाली कुटुंबं आहेत. दुसरा मोठा माळ लष्कराच्या ताब्यात आहे. सफील्डचा तळ १९४१ पासून नांगरापासून दूर राहिला आणि २००३ मध्ये त्यातला ४५८ चौरस किलोमीटरचा भाग राष्ट्रीय वन्यजीव क्षेत्र झाला. साऊथ सस्कॅचवानच्या काठाची फार चांगली बिळं त्या बाजूला आहेत.

आता पकडून लांब सोडण्याबद्दल. तुमचा हेतू मला पूर्ण कळतो. महाराष्ट्रात सर्पमित्र नसते तर दर वर्षी किती साप काठीने मारले गेले असते, याची कल्पना मला आहे. पण रॅटलस्नेकला लांब नेऊन सोडणं म्हणजे त्याला बिळापासून तोडणं. पेनसिल्व्हेनियात टिंबर रॅटलस्नेकवर झालेल्या आणि १९९९ मध्ये प्रसिद्ध झालेल्या एका अभ्यासात दुसरीकडे नेऊन सोडलेल्या सापांपैकी निम्म्याहून अधिक मेले. तिथल्या मूळच्या सापांमध्ये हेच प्रमाण सुमारे ११ टक्के होतं. नव्या जागी आलेले साप कितीतरी जास्त भटकत होते. त्यांना खायचं कुठे, लपायचं कुठे, हिवाळ्यात उतरायचं कुठे, यातलं काहीच माहीत नव्हतं. आपण गाडीतून सोडून परत येतो तेव्हा साप जिवंत असतो, गवतात सरसर निघून जातो, आणि मनाला समाधान वाटतं. तो मरतो नंतर, आपल्या पाठीमागे, कधी पहिल्याच हिवाळ्यात.

जवळ सोडलं तर? ब्रिटिश कोलंबियात ओसोयूसजवळ वेस्टर्न रॅटलस्नेकना त्रासाच्या जागेपासून साधारण पाचशे मीटरवर सोडून पाहिलं गेलं. त्यांना अपाय झाला नाही, पण बहुतेक साप काही आठवड्यांत परत आले. तरीही मी हाच मार्ग धरतो. अंगणातला साप त्याच उतारावर, त्याच्या ओळखीच्या हद्दीत, थोडा बाजूला नेऊन ठेवायचा. तो पुन्हा येऊ शकतो, हे घरमालकाला आधीच स्पष्ट सांगायचं आणि सोबत घराची पाहणी करायची. पायऱ्यांखालच्या फटी बुजवायच्या, लाकडाचा आणि दगडांचा ढीग भिंतीपासून हलवायचा, पक्ष्यांना टाकलेल्या दाण्यांवर उंदीर येत असतील तर ते दाणे बंद करायचे. लहान मुलं खेळतात तेवढ्या भागाला बारीक जाळीचं कुंपण, खालची कड जमिनीत गाडलेली. लेथब्रिजसारख्या शहरात नवी वसाहत घळींच्या अगदी कडेपर्यंत गेली आहे, तिथे रॅटलस्नेकसाठी खास फोनसेवा चालते आणि प्रशिक्षित माणसं येतात. तिथल्या लोकांची भीतीही हळूहळू बदलताना मी पाहिली आहे. पहिल्या फोनला आवाज थरथरत असतो, दोन-तीन वर्षांनी तेच लोक ‘आपला तो जिन्याखालचा परत आला आहे’ असं सांगतात.

एक गोष्ट मात्र नीट लक्षात ठेवा. परवान्याशिवाय रॅटलस्नेक पकडणं, जवळ ठेवणं, मारणं किंवा त्याला छेडणं अल्बर्टात बेकायदेशीर आहे, आणि हिवाळी बिळाला वन्यजीव कायद्याने वर्षभर संरक्षण आहे, साप आत असोत वा नसोत. त्यामुळे हौसेने हुक घेऊन बाहेर पडू नका. तुमचा हात बसलेला असला तरी तो घोणस, नाग, मण्यारीवर बसलेला आहे. या सापाच्या फटक्याचा पल्ला आणि त्याआधीची हालचाल नव्याने शिकावी लागते. इथे आम्ही हाताने धरायचं शक्यतो टाळतोच. हुकने उचलून पारदर्शक नळीत डोकं शिरू द्यायचं आणि मगच मोजमाप. समोर प्रेक्षक असोत वा नसोत, सापाची मान दाबायची नाही.

घरच्यांबद्दलची काळजी योग्य आहे, पण सहलीला जरूर जा. डायनासोर पार्कमध्ये, तसंच मिल्क नदीकाठच्या रायटिंग-ऑन-स्टोन पार्कमध्ये, आखलेल्या पायवाटेवर चालायचं, घोट्यावरचे बूट आणि लांब पँट घालायची, कपारीत किंवा दगडाच्या मागे न बघता हात-पाय घालायचा नाही, कुत्रा असेल तर दोरीवर. खुळखुळा ऐकू येईल म्हणून निर्धास्त राहू नका. पुष्कळ रॅटलस्नेक न वाजवता पडून राहतात, कारण न दिसणं हाच त्यांचा पहिला बचाव आहे. आवाज आलाच तर आधी जागीच थांबा, तो कुठे आहे ते बघा आणि मग दोन-तीन मीटर मागे व्हा. बुलस्नेकही वाळक्या गवतात शेपटी थरथरवून हुबेहूब तसाच आवाज काढतो, आणि त्या बिनविषारी सापाला लोक रॅटलस्नेक समजून मारतात.

पान लागलंच तर चिरायचं नाही, चोखायचं नाही, आवळपट्टी नाही, बर्फ नाही. अंगठी, घड्याळ काढा, हात किंवा पाय स्थिर ठेवा, ९११ ला फोन करा आणि रुग्णालयात जा. या सापाचं विष स्नायू आणि ऊती खराब करतं, रक्त गोठण्याची क्रिया बिघडवतं. त्यामुळे ‘थोडं सुजलंय, बघू उद्या’ असं म्हणायचं नाही. भारतातलं प्रतिविष नाग, मण्यार, घोणस आणि फुरसं या चौघांसाठी बनवलेलं असतं, इथे वेगळं लागतं आणि ते रुग्णालयातूनच मिळतं. भीतीचं प्रमाण नीट राहावं म्हणून दोन आकडे देतो. संपूर्ण अमेरिकेत वर्षाला सात-आठ हजार विषारी सर्पदंश होतात आणि त्यांतले सुमारे पाच प्राणघातक ठरतात. भारतात वर्षाला सरासरी ५८,००० माणसं सर्पदंशाने जातात. फरक सापांच्या संख्येचा आहेच, पण वेळेत मिळणाऱ्या उपचाराचाही आहे, आणि तो तुम्ही सांगलीत डोळ्यांनी पाहिला असणार.

तुम्हाला खरंच हातभार लावायचा असेल तर काम भरपूर आहे. साप दिसला, जिवंत किंवा मेलेला, तर गाडी सुरक्षित जागी लावून फोटो काढा, तारीख, वेळ आणि ठिकाण नोंदवा आणि प्रांताच्या वन्यजीव कार्यालयाला कळवा. आयनॅचरलिस्ट या निसर्गनोंदींच्या संकेतस्थळावर टाकणार असाल तर ठिकाण अस्पष्ट ठेवा. चुकून बीळ सापडलं, एकाच उतारावर दहा-बारा साप ऊन खाताना दिसले, तर तो फोटो कुठेही, अगदी घरच्या व्हॉट्सॲप ग्रुपवरही, टाकू नका. फोटोमागच्या डोंगराच्या आकारावरून जागा ओळखणारे लोक आहेत. एकदा जागा फुटली की आधी हौशी छायाचित्रकार येतात, गाभण माद्या दगडाखालून काढून मांडतात, दगड उलथे ठेवून जातात. मग साप पकडून विकणारे येतात आणि कधी बंदूक घेऊन येणारेही. बिळाजवळ नुसतं उभं राहिलं तरी माद्या आत जातात आणि त्या दिवसाची ऊब बुडते. ती ऊब त्यांना सप्टेंबरपर्यंत पिल्लं पोसायला हवी असते.

दुसरं, इथल्या पाहण्यांना पायी चालणारी माणसं नेहमी कमी पडतात. सापाची भीती नसलेला आणि गवतात वेटोळं ओळखणारा माणूस मिळणं सोपं नाही. त्याबाबतीत तुमच्या आधीच्या कामाचा फार उपयोग होईल. परवाना ज्याच्या नावावर आहे त्याच्या हाताखाली एक हंगाम काढा, मग नळी आणि हुक हातात घ्या. वसंतातली पाहणी मेच्या पहिल्या पंधरवड्यात असते, बहुतेक सकाळी दहा ते दुपारी, ऊन असेल आणि वारा नसेल अशा दिवशी. रस्त्यांची पाहणी सप्टेंबरच्या दुसऱ्या आठवड्यापासून पहिल्या मोठ्या हिमापर्यंत चालते. त्यासाठी पहाटे निघावं लागतं, कारण आठ वाजेपर्यंत मॅगपाय पक्षी रस्त्यावरचं सगळं उचलून नेतात.